काजळीसाठी नाशिक: चार दिवस

दिवस पहिला

चार वर्षं झाली, मी एका बाईचं चरित्र लिहितेय. ती कधी जन्माला आलेली नाही. तिचा देश नकाशावर नाही, तिथल्या नद्यांना नावं मीच दिली आहेत. तिचं नाव काजळी. राजवाड्यातल्या दिव्यांवर वाट्या उपड्या धरून काजळ जमवायचं आणि ते बाभळीच्या डिंकात घोटून शाई करायची, हे तिच्या आईचं काम. मुलगी हाताखाली. लेखनिकांच्या धूळपाट्या दिवेलागणीला साफ करायचं काम मुलीकडे होतं आणि पुसता पुसताच ती अक्षरं शिकली. पुढे तीच महालेखिका झाली. तीन राजे तिच्या डोळ्यांदेखत गादीवर बसले. नोंदघर तिने उभारलं, विखुरलेले कायदे एका ग्रंथात आणले, दुष्काळांच्या तिथी लावल्या, काजळ वेचणाऱ्यांच्या मुलींना बोरू धरायला शिकवलं. तिच्या अक्षराचं वळण त्या देशात शंभर वर्षं कित्ता म्हणून गिरवलं गेलं.

त्या देशाची एक रीत आहे. महालेखिकेने वहीत लिहिलं आणि त्यावर शिक्का उठला की लिहिलेलं खरं होतं. विहिरीला पाणी लागलं असं लिहिलं की लागतं. म्हणूनच त्या वहीत ‘नाही’ हा शब्द लिहायला बंदी आहे. पिढ्यान्‌पिढ्या तो कुणी लिहिलेला नाही.

माझं घोडं अडलं होतं ते शेवटच्या प्रकरणात. काजळी म्हातारी झालीय. तिसरा राजा हुकूम देतो, पूर्वेचा उजाड परगणा नांदता झाला असं लिही. ती लिहिते. शिक्का उठतो. आणि काहीच होत नाही. परगणा उजाड तो उजाडच. आता काजळीने काय करायचं? सात वेळा लिहून सात वेळा फाडलं. एकदा तिला पळवून नेलं, एकदा नोंदघराला आग लावली. सगळं खोटं वाटत होतं.

आत्याला फोनवर हे सांगत होते, तर ती म्हणाली, “अगं, खऱ्या लेखनिकांचं लिहिलेलं एकदा बघून तरी ये. आमच्या डोंगरात दोन हजार वर्षांचे कागद पडलेत.” कागद म्हणजे शिलालेख. आत्या नाशिक जिल्ह्यात तलाठी होती, बत्तीस वर्षं. तिच्या लेखी जगात जे जे लिहिलेलं आहे ते सगळं ‘कागद’.

पुण्याहून सकाळची एसटी धरली. नारायणगाव, संगमनेर, सिन्नर. सिन्नरच्या अलीकडे पावसाने असं गाठलं की खिडक्यांच्या फटींतून पाणी आत यायला लागलं. मांडीवरची वही भिजली, जेल पेनाने लिहिलेली दोन पानं पार निळी झाली. एकही अक्षर लागेना. त्या दोन पानांत काजळीचं बाळपण होतं. फार वाईट वाटलं.

संध्याकाळी गंगापूर रोडला आत्याकडे पोचले. मुगाची खिचडी, पोह्याचा पापड, ताक. वहीची ओली पानं आत्याने इस्त्रीखाली धरून वाळवली. अक्षरं काही परत आली नाहीत.

दिवस दुसरा

पांडवलेणी शहराच्या दक्षिणेला, मुंबई-आग्रा महामार्गाला लागून आहेत. पायथ्याशी दादासाहेब फाळके स्मारक, तिथून डोंगरावर पायऱ्या. आत्याचे गुडघे दुखतात, पण तिने काठी घेतली आणि निघाली. आम्ही थांबत थांबत चढलो. पाऊस नुकताच पडून गेलेला, पायऱ्यांच्या सांध्यांतून पाणी वाहत होतं.

नाव पांडवांचं असलं तरी लेणी बौद्ध भिक्खूंची. एकूण २४. डोंगराचं नाव त्रिरश्मी, लेखांमध्ये ते ‘तिरण्हु’ असं येतं. आम्ही आधी तिसऱ्या लेण्यात गेलो. ओसरीचा भार खांद्यावर घेतलेले यक्ष आहेत तेच. दारावर कोरीव पट्टी आहे. पण माझं लक्ष भिंतीवर होतं. ओसरीच्या मागच्या भिंतीवर, दाराच्या वर, गौतमी बलश्रीचा लेख आहे. नातू, सातवाहन राजा पुळुमावी, राज्य करतोय, त्याचं १९ वं वर्ष. लेण्याच्या दानासोबत ही म्हातारी राजमाता आपल्या मुलाचं, गौतमीपुत्र सातकर्णीचं, वर्णन कोरून ठेवते. शक, यवन, पह्लवांचा नाश करणारा. क्षहरातांचा, म्हणजे शक क्षत्रपांच्या घराण्याचा, वंश निःशेष करणारा. ज्याच्या वाहनांनी तीन समुद्रांचं पाणी प्यालं असा. आणि त्याच रांगेत, आईच्या सेवेत ज्याने कधी कसूर केली नाही असा.

हे शेवटचं विशेषण वाचताना मला थांबावं लागलं. एवढ्या लढायांच्या यादीत आईने स्वतःच्या वाट्याचा मुलगा हळूच ठेवून दिलाय. माझी काजळी ऐन उमेदीत असं लिहायची. लांबलचक, समासांची माळ ओवलेलं, वाचणाऱ्याचा श्वास पुरणार नाही असं. मला वाटलं, आपण ज्यासाठी आलो ते मिळालं.

मग आत्या म्हणाली, “इकडे ये, हे काय आहे?”

ती पूर्वेच्या भिंतीजवळ उभी होती, मान वर करून. तिथे छताखाली गौतमीपुत्राचेच दोन लेख आहेत, एकाखाली एक. अक्षरं बलश्रीच्या लेखाइतकी नटवी नाहीत. माझ्याकडे लेखांच्या छापील वाचनाची झेरॉक्स होती. पहिला लेख राज्याच्या १८ व्या वर्षाचा. राजा विजयी छावणीतून डोंगराखालच्या गोवर्धनच्या अमात्याला, विष्णुपालिताला, कळवतो: पूर्वी क्षहरातांचा जावई उषवदात याच्याकडे असलेलं कखडी गावातलं शेत, दोनशे निवर्तनं (जमिनीचं तेव्हाचं माप), डोंगरावरच्या भिक्खूंना दिलं आहे. या शेतात कुणी शिरू नये, कुणी हात लावू नये, मिठासाठी खणू नये. हुकूम तोंडी झाला, तो लिहिला शिवगुप्त नावाच्या अमात्याने.

दुसरा लेख २४ व्या वर्षाचा. सहा वर्षांनंतरचा. आता राजाबरोबर राजमाताही हुकूम देते आहे, अमात्य बदललेला आहे, श्यामक म्हणून. भाषा प्राकृत. मी हळूहळू मोठ्याने वाचत होते, आणि एका ओळीवर आत्याने माझा दंडच धरला.

“तं च खेतं न कसते, सो च गामो न वसति.”

“परत वाच.”

परत वाचलं. अर्थ सांगायची गरजच नव्हती. ते शेत कसलं जात नाही, ते गाव वसत नाही. कसणं आणि वसणं. आजही आपण शेत कसतो, गाव वसतं. ही दोन क्रियापदं एकोणीसशे वर्षं न झिजता आपल्या तोंडात आहेत आणि आपल्याला पत्ता नाही.

पुढे राजा म्हणतो, असं असल्यामुळे आता नगराच्या सीमेवर आमच्या मालकीचं जे राजशेत आहे, त्यातून शंभर निवर्तनं या भिक्खूंना देतो.

आत्या कठड्यावर बसली. म्हणाली, “अगं, ही तर फेरफाराची नोंद आहे.”

ज्यांनी कधी तलाठ्याकडे खेपा घातल्या नाहीत त्यांच्यासाठी सांगते. जमिनीत काही बदल झाला, विक्री, वारस, वाटणी, बक्षीस, की आधी फेरफाराच्या वहीत नोंद होते. ती मंजूर झाली की सातबाऱ्यावर येते. आणि आत्याच्या काळात पीकपाहणी म्हणजे तलाठ्याने शेतात प्रत्यक्ष जाऊन काय उभं आहे ते बघून लिहायचं. काही नसेल तर ‘पडीक’ लिहायचं. आत्या सांगत होती, “पडीक लिहायला किती जीव लागतो, तुला कल्पना नाही. मालक चहा पाजणार, सरपंच शेजारी बसणार, म्हणणार बाई लिहा की बाजरी, कोण बघतंय. मी बांधावर उभी राहायचे आणि जे दिसतंय तेच लिहायचे. एकदा लिहिलं बाजरी, की पुढचं सगळं त्याच बाजरीवर चालतं. कर्ज, नुकसानभरपाई, भांडणं. आणि शेतात तर कुसळं.”

मी तिच्याकडे बघत राहिले. लहानपणापासून मला माहीत असलेली ही बाई. सायकलवर दप्तर बांधून गावोगाव फिरायची. तिच्या हातून किती गावं कागदावर आली, हे मी कधी विचारलंच नव्हतं.

“आणि बघ,” ती म्हणाली, “जुना लेख खोडला नाहीये. वर तसाच ठेवलाय आणि खाली नवा घातलाय. आम्हीपण नाव खोडत नाही. कंस करतो. कंसातलं नाव वाचता आलं पाहिजे, म्हणजे जमीन कुणाकडून कुणाकडे गेली ते कळतं.”

दोन हजार वर्षांपूर्वीचा राजा स्वतःच्या नावाने, सगळ्यांना दिसेल अशा भिंतीवर, दोनदा ‘न’ कोरून ठेवतो. आम्ही दिलं होतं, पण ते पोचलं नाही. राजाला हे कुणी सांगितलं असेल? कुणीतरी कखडीला गेलं असणार. ओसाड घरं पाहिली असणार, रान माजलेलं पाहिलं असणार. पुन्हा दरबारात येऊन, ज्या राजाने क्षहरातांचा वंश निःशेष केला त्याच्यापुढे उभं राहून म्हणालं असणार, महाराज, आपल्या लेखातलं शेत कुणी कसत नाही. नवं गाव बसवायला लढाई लागते, वतन लागतं. हे वाक्य बोलायला काय लागलं असेल?

आणि लेख कुणी तयार केला? शेवटच्या ओळींत नाव आहे: लोटा. प्रतिहाररक्षी, म्हणजे दाराची राखण करणारी. रूप स्त्रीलिंगी आहे. २४ वं वर्ष, पावसाळ्याचा चौथा पक्ष, पाचवा दिवस. त्याची अंमलबजावणी केली सुजीवीने, आणि पक्की नोंद पुढे उन्हाळ्याच्या दुसऱ्या पक्षात, दहाव्या दिवशी झाली. हुकूम पावसाळ्यात आणि नोंद उन्हाळ्यात. आत्याने एवढंच विचारलं, “मधल्या काळात भिक्खूंनी किती खेपा घातल्या असतील?”

दारावर उभी असणारी बाई. आत कोण गेलं, कोण बाहेर आलं, कोणाचा चेहरा उतरला, हे जिला आधी कळतं ती. मी काजळीला चार वर्षं सिंहासनाच्या उजव्या हाताला बसवत होते. तिची जागा दारात होती.

दहाव्या लेण्यात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचे लेख आहेत. दानांची मोठी यादी, तीन लाख गाई, नद्यांवर नावा, घाट, धर्मशाळा. मला त्यातला हिशेब आवडला. विणकरांच्या एका श्रेणीकडे, म्हणजे संघाकडे, दोन हजार कार्षापणं (तेव्हाची नाणी) ठेवली, महिना शेकडा एक व्याजाने. दुसऱ्या श्रेणीकडे एक हजार, महिना शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल परत घ्यायचं नाही, व्याजच वापरायचं. पहिल्याच्या व्याजातून वर्षावासाला, म्हणजे पावसाळ्यात एका जागी, राहणाऱ्या वीस भिक्खूंना प्रत्येकी बारा कार्षापणं वस्त्रासाठी. ओसरीत बसून बोटांवर मोजलं: दोन हजारांचं महिन्याचं व्याज वीस, वर्षाचं दोनशे चाळीस, वीस जणांत बारा बारा. चोख. आणि हे सगळं निगमसभेत वाचून दाखवलं आणि रीतीप्रमाणे ‘फलकवारा’त, म्हणजे नोंदीच्या कचेरीत, नोंदवलं, असंही लिहिलंय. मी कादंबरीत नोंदघर कल्पनेने बांधलं होतं. इथे या डोंगराखालच्या गोवर्धनात ते खरोखरच होतं. लोकांसमोर वाचल्याशिवाय नोंद पुरी होत नव्हती, हे मात्र मला सुचलं नव्हतं.

आत्या तिथेच टेकली. मी एकटी चोविसाव्या लेण्याकडे गेले. तिथे एक छोटा लेख आहे, मोठ्या लेखांच्या गर्दीत कुणी विचारत नाही असा. वुधिक नावाच्या माणसाने लेणं आणि पाण्याची दोन टाकी दान दिली. विष्णुदत्ताचा मुलगा, शक, राहणार दशपूरचा, म्हणजे आजच्या मध्य प्रदेशातलं मंदसौर. आणि धंदा? लेखक. एक टाकं त्याने आईवडिलांच्या नावे दिलं.

परक्या मुलखातून आलेला एक लेखनिक. आयुष्यभर त्याने दुसऱ्यांची दानं लिहिली असतील, दुसऱ्यांची नावं, दुसऱ्यांचे हिशेब. त्यात पैसा इतका मिळाला, मान इतका मिळाला, की डोंगरात लेणं कोरून देता आलं. आणि स्वतःबद्दल लिहायची वेळ आली तेव्हा त्याने घेतल्या फक्त एवढ्याच गोष्टी: नाव, बाप, गाव, काम, पाणी. माझ्या तीनशे पानांपुढे ती ओळ मी कितीतरी वेळ बघत बसले. काजळीची समाधी, तिचा पुतळा, तिच्यावरची काव्यं, हे सगळं मी लिहून ठेवलं होतं. त्या टाक्यांपाशी बसून ठरवलं, ते सगळं जाणार.

खाली उतरल्यावर मिसळ खाल्ली, दही आणि पापडासकट, नाशिकच्या रीतीने. आत्याने तर्री दोनदा मागून घेतली.

दिवस तिसरा

त्र्यंबकच्या रस्त्यावर अंजनेरीला नाण्यांच्या अभ्यासाची संस्था आहे. मला तिथे एकच गोष्ट नीट समजून घ्यायची होती, जोगलटेंभीची नाणी. १९०६ साली सिन्नरजवळच्या या गावात नहपानाच्या चांदीच्या नाण्यांचा साठा सापडला, तेरा हजारांहून अधिक. त्यातल्या बहुतेक नाण्यांवर गौतमीपुत्राने स्वतःची चिन्हं पुन्हा ठोकली होती. चांदी वितळवून नवी नाणी पाडायची खटपट केली नाही. हरलेल्या राजाच्या चेहऱ्यावरच ठसा.

अशा एका नाण्याचं मोठं केलेलं छायाचित्र मी बराच वेळ पाहिलं. नहपानाचं नाक आणि हनुवटी दिसते, गालावर तीन कमानींचा चैत्य चढलेला. काठाला ग्रीक अक्षरांचे तुकडे अजून लागतात. दुसऱ्या बाजूला चार वर्तुळं जोडलेलं उज्जैन चिन्ह, त्याच्याखाली जुन्या अक्षरांचे पाय. जुनं नीट पुसलं गेलं नाही, नवं नीट उठलं नाही. बाजारात ते नाणं घेणाऱ्याला मात्र बरोबर कळत असणार, आता राज्य कुणाचं आहे.

तोच राजा. भिंतीवर स्वतःचा जुना लेख तसाच ठेवणारा आणि नाण्यावर दुसऱ्याचा चेहरा मोडणारा. मला तो आदल्या दिवशी फार मोठ्या मनाचा वाटला होता. आज वाटलं, असेलही, पण त्याच्या राज्यात दोन्ही हात होते, ठोकणारा आणि लिहिणारा. काजळीच्या राजालाही मी नुसता दुष्ट करून ठेवला होता. तो बदलायला हवा. त्याने आधी खरोखर दान दिलेलं असलं पाहिजे, मनापासून. ते पोचलं नाही हे ऐकून त्याला दुःखही झालं पाहिजे.

त्र्यंबकला निवृत्तिनाथांच्या समाधीचं दर्शन घेतलं. ब्रह्मगिरी ढगात गेलेला. येताना पुन्हा पाऊस. या वेळी वही प्लास्टिकच्या पिशवीत होती.

दिवस चौथा

सकाळी सहालाच आम्ही पंचवटीत. काळाराम मंदिराच्या पूर्व दाराशी आत्या थोडी थांबली. २ मार्च १९३० ला इथेच बाबासाहेबांनी मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह सुरू केला. माणसाला दारातून आत घ्यायचं नाही, हेही कुणीतरी कधीतरी लिहून ठेवलेलंच होतं, आणि लिहिलंय म्हणूनच ते खरं आहे असं मानणारी माणसं दार अडवून उभी होती. काजळीला पहिल्यांदा नोंदघरात शिरू दिलं नव्हतं तो प्रसंग मी दोन ओळींत उरकलाय. तो मला पुन्हा लिहायचाय, पूर्ण.

रामकुंडावर गेलो. गोदावरीला पाणी भरपूर, गढूळ. अस्थी सोडायला आलेली माणसं, ओल्या धोतराने उभे गुरुजी, फुलांचे द्रोण. आम्हाला जायचं होतं आमच्या तीर्थोपाध्यायांकडे. माझे वडील गेल्यापासून त्यांची नोंद करायची राहिली होती, चार वर्षं. हो, तीच चार वर्षं.

घाटापासून आत, एका जुन्या वाड्यात, लाकडी जिना. गुरुजी पासष्टीचे असतील. त्यांनी नाव विचारलं नाही. “मूळ गाव कोणतं? तालुका? आडनाव?” एवढंच. सातारा जिल्ह्यातलं आमचं गाव सांगितलं. ते आत गेले आणि लाल कापडात बांधलेली एक लांबट वही घेऊन आले. गाठ सोडताना जुन्या कागदाचा वास आला, थोडा कापरासारखा. पानं जाड, कडा तपकिरी, काही ठिकाणी कसरीची भोकं. आधीची पानं मोडीत. गुरुजी बोटाने गावं मागे टाकत गेले आणि एका पानावर थांबले.

“हे तुमचे पणजोबा.”

मला मोडी येत नाही. आत्याला येते, जुनी दप्तरं वाचायला ती नोकरीत असताना शिकली होती. तिने चष्मा पुसला आणि वाचायला लागली. १९१९ सालची नोंद. पणजोबा इथे आले, आईवडिलांची नावं, मुलांची नावं, आणि मग: धाकटे बंधू लढाईवर बसऱ्याकडे गेले ते तिकडेच मयत. त्यांचं श्राद्ध केलं.

आत्याने मान वर केली. “पण धाकटे आजोबा तर...”

“खाली वाचा,” गुरुजी म्हणाले. त्यांना ठाऊक होतं.

त्याच पानावर, खाली, वेगळं अक्षर. बोरू जाड, शाई जास्त काळी, ओळ उतरती. १९२३ साल. आत्याने वाचलं, मग तिचा आवाज घोगरा झाला म्हणून गुरुजींनी वाचलं: “वर मयत लिहिले तो मी हयात असे. मातोश्रींस घेऊन आलो. सही.”

धाकट्या आजोबांना आत्याने लहानपणी पाहिलेलं होतं. एक कान ऐकू न येणारे, परसात मिरच्या लावणारे. त्यांचं श्राद्ध झालं होतं हे घरात कुणी कधी बोललं नव्हतं. मसुदा कुणी दिला नाही, शब्द कुणी सुचवले नाहीत. लढाईहून परत आलेल्या माणसाने बोरू मागितला आणि आपल्या मरणाखाली आपलं जगणं लिहिलं. वरची नोंद तशीच आहे, तिच्यावर रेघसुद्धा नाही.

मी गुरुजींना विचारलं, तेव्हाच वरचं खोडलं का नाही?

“ज्याने लिहिलं त्याला तेव्हा तेच माहीत होतं,” ते म्हणाले. “तो खोटं बोलला नव्हता. खोडलं असतं तर तो खोटा ठरला असता.” मग थोडं थांबून, “आणि यांनी श्राद्ध केलं ते तर खरंच केलं होतं ना.”

मग त्यांनी वही फिरवून माझ्यापुढे ठेवली. आताची पानं देवनागरीत, बॉलपेनने लिहिलेली. मी वडिलांचं नाव लिहिलं, गेल्याची तारीख, माझं नाव, भावाचं, त्याच्या मुलीचं. हात कापत होता. ‘मयत’ हा शब्द लिहायला मला बराच वेळ लागला. चार वर्षं मी एक सबंध देश लिहिला, हा एक शब्द टाळून. आत्याने पाठीवर हात ठेवला आणि काही बोलली नाही. लिहून झाल्यावर गुरुजींनी पूर्ण नोंद मोठ्याने वाचून दाखवली. मी मान हलवली, तेव्हाच त्यांनी वही मिटली.

दुपारच्या एसटीने परत निघाले. आत्याने डब्यात थालीपीठं आणि दही दिलं, आणि जुनं शाईपेन. म्हणाली, “हे घे, पण वही मात्र पिशवीतच ठेव.”

सिन्नर सुटल्यावर मी शेवटच्या प्रकरणाची वही उघडली. आठव्या वेळी लिहिलेलं पान समोर होतं, काजळीच्या हातचं, शिक्क्यासकट: परगणा नांदता झाला, शेतं पिकली. ते खोडलं नाही. काजळीला उठवलं, काठी दिली, आणि तीन दिवसांच्या वाटेने पूर्वेला पाठवलं. ओसाड घरांच्या मधून फिरवलं, बांधावर उभं केलं. परत आल्यावर ती सिंहासनापाशी गेली नाही. दारात बसली, राजाला बाहेर बोलावलं, लोकांना बोलावलं. राजा आला. मग सगळ्यांदेखत, आपल्याच जुन्या ओळीखाली, त्या वहीत आजवर कुणी न लिहिलेला शब्द तिने लिहिला, आणि लिहिता लिहिता मोठ्याने वाचत गेली:

ते शेत कसलं जात नाही. ते गाव वसत नाही.